जुनी हजेरी शोधायची कशी आणि कशासाठी?

(वनहक्क शिबिरात संघटनेच्या वतीने झालेलं हे भाषण. ज्यांना येता आलं नाही त्यांच्यासाठी छापत आहोत. बोलताना जसं आलं तसंच बहुतेक ठेवलं आहे. गावात मोठ्यानं वाचून दाखवावं.)



उन्हाचे दिवस आहेत. पाण्याचा टँकर कधी येतो याचा नेम नाही, तरी तुम्ही घागरी रांगेत लावून इथं आलात. २०१२-१३ चा दुष्काळ आपल्या जालना जिल्ह्याला फार जड गेला. मोसंबीच्या बागा डोळ्यांदेखत वाळल्या. बागाईतदारांची ही गत, तर डोंगरकडेच्या माणसाची काय असणार ते सांगायला नको. म्हातारी माणसं म्हणतात, बहात्तर साल पुन्हा आलं. तेव्हा बहात्तर सालापासूनच सुरुवात करू.

इथं बसलेल्यांपैकी बहात्तरच्या दुष्काळात खडी कुणी फोडली? हात वर करा. बघा, किती हात आहेत. पाझर तलावाला माती कुणी वाहिली? रस्त्याला कोण होतं? सुकडी खाऊन दिवस कुणी काढले? आता दुसरा सवाल. त्या कामाचा एक तरी कागद कुणाच्या घरात आहे? एकही हात वर नाही. आपण काम केलं, रस्ते झाले, तलाव झाले, त्या रस्त्यांवरून आज एस.टी. धावते. पण ते आपण केलं याचा कागद आपल्याकडं नाही. तो आहे कुणाकडं? सरकारच्या दप्तरात. आपल्या घामाची वही आपल्या घरात कधी नव्हतीच. ती मुकादमाच्या, हजेरी कारकुनाच्या, गार्डाच्या काखेत होती. आपण फक्त अंगठा दिला.

आजचा विषय हाच आहे. ती वही शोधायची कशी, आणि शोधून करायचं काय.

कशासाठी पाहिजे जुना कागद?

मागच्या बैठकीत एक भाऊ म्हणाला, "झालं गेलं ते गेलं, आता जुनं मस्टर उकरून काय सोनं निघनार हाय?" सवाल बरोबर आहे. उगाच हेलपाटे घालायला आपल्याला वेळ नाही. म्हणून आधी फायदा सांगतो.

पहिला फायदा मजुरीचा. हजेरी एवढी आणि पैसे तेवढेच मिळाले का, हे मस्टर बघितल्याशिवाय कळत नाही. किमान वेतन कायद्याखाली कमी मजुरीचा दावा सहा महिन्यांत लावावा लागत असे. उशीर झाला तर सबळ कारण दाखवावं लागे, ते पटलं तरच दावा घेत. म्हणजे वीस वर्षांपूर्वीची बुडालेली मजुरी आज वसूल होईल असं आम्ही म्हणणार नाही. खोटी आशा लावणं हे पुढाऱ्यांचं काम, आपलं नाही. पण मागच्या हंगामाची, मागच्या वर्षाची मजुरी असेल तर कागद आत्ताच काढला पाहिजे. दुष्काळी कामावर कमी मजुरी दिली तर चालते, असं साहेब सांगतात. ते खोटं आहे. राजस्थानातल्या दुष्काळी कामाच्या खटल्यात १९८३ साली सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की भुकेल्या माणसाकडून किमान वेतनापेक्षा कमी पैशात काम करून घेणं ही वेठबिगारीच आहे.

दुसरा फायदा नोकरीचा. आपल्यातले कितीतरी जण वन खात्याच्या, सामाजिक वनीकरणाच्या रोपवाटिकेत, रोपवनात वर्षानुवर्षं रोजंदारीवर राबले. पिशव्या भरल्या, खड्डे खोदले, जाळरेषा काढल्या, राखण केली. वर्षाला दोनशे, अडीचशे, तीनशे दिवस. पुणे आणि नगर जिल्ह्यातल्या असल्याच मजुरांनी कोर्टात दावा लावला. खातं म्हणालं, आमचं काम हा उद्योगच नाही, कामगार कायदा आम्हाला लागू होत नाही. ५ डिसेंबर १९९५ ला सर्वोच्च न्यायालयानं मजुरांच्या बाजूनं निकाल दिला. माणसाला वर्षानुवर्षं तात्पुरता ठेवून कायमपणाचे हक्क नाकारणं ही अनुचित कामगार प्रथा आहे, असं सांगितलं. त्यानंतर ३१ जानेवारी १९९६ ला सरकारचा निर्णय निघाला. ज्यांनी पाच वर्षं, दरवर्षी किमान २४० दिवस काम केलं त्यांना कायम करायचं. १६ ऑक्टोबर २०१२ ला दुसरा निर्णय निघाला. तो १ नोव्हेंबर १९९४ ते ३० जून २००४ या काळातल्या मजुरांसाठी आहे. अट तीच, पाच वर्षं, दरवर्षी २४० दिवस, सलग किंवा तुटक. त्यात आणखीही अटी आहेत, म्हणून निर्णय पूर्ण वाचून घ्यायचा. पण २४० दिवस भरले हे सांगणार कोण? मस्टर.

तिसरा फायदा जमिनीचा. आपल्यासाठी हा सगळ्यात मोठा आहे. वनहक्क कायदा सांगतो, आदिवासीचा ताबा १३ डिसेंबर २००५ च्या आधीचा पाहिजे. आपले दावे कशावर अडकतात? "पुरावा नाही." दंडाच्या पावत्या ज्यांच्याकडं होत्या त्यांनी लावल्या. ज्यांनी पावती न घेता गार्डाला कोंबडी दिली, त्यांच्याकडं पावती नाही. अशांच्या उपयोगाला मस्टर येतं. कसं, ते एका बाईच्या गोष्टीवरून सांगतो.

एका बाईची गोष्ट

बाईचं नाव सांगत नाही, तिचा दावा अजून अपिलात आहे. आपल्यातलीच आहे, भिल्ल समाजाची, पासष्टीच्या पुढं गेलेली. डोंगराच्या उताराला तिची तीन एकर जमीन. सासऱ्यापासूनची वहीत. दावा भरला. गावाच्या ग्रामसभेनं मंजूर केला, वर गेल्यावर फेटाळला. कारण दिलं, २००५ पूर्वी ताबा असल्याचा पुरावा नाही, सदर ठिकाणी खात्याचं रोपवन आहे.

आम्ही बाईला विचारलं, "मावशी, तिथं रोपवन कधी झालं?" बाई म्हणाली, "झालं की. मीच लावलं. माझ्याच वावरात मलाच खड्डे खांदायला लावले. नाही म्हनलं तर रोज बंद करीन म्हनला. पोरं लहान व्हती. खांदले. दिवसा त्याचे खड्डे खांदले, अन् पाऊस पडल्यावर खड्ड्याच्या मधून बाजरी पेरली."

ऐका, हे फक्त तिचं नाही. कितीतरी गावांत हेच झालं. आपलंच वावर, आपलेच हात, झाडं खात्याची. दुष्काळात पोट भरायला आपण आपल्याच जमिनीवर खड्डे खोदले.

तेव्हा आम्ही त्या रोपवनाचे कागद मागितले. तीन हेलपाटे झाले. पहिल्यांदा म्हणाले, कागद नाहीत. दुसऱ्यांदा म्हणाले, वाळवी लागली. तिसऱ्यांदा आम्ही लेखी उत्तर मागितलं, तर एका कपाटातून गठ्ठा निघाला. त्यात रोपवनाची नोंदवही होती, नकाशा होता, मस्टरच्या प्रती होत्या. मस्टरवर बाईचं नाव होतं. तिच्या नवऱ्याचं होतं. शेजारच्या वावरवाल्या चार घरांची नावं होती. कामाचं ठिकाण म्हणून जो कक्ष क्रमांक होता तो दाव्यातलाच. आणि नोंदवहीत एका ओळीत लिहिलं होतं, की या क्षेत्रात अतिक्रमण आहे, तेवढा भाग सोडून रोपण केलं. खात्याच्या माणसाच्या हातचं, १९९० च्या आधीचं.

जे खातं म्हणतं पुरावा नाही, त्याच्याच कपाटात पुरावा होता. तो कागद अपिलाला जोडला. निकाल यायचा आहे. काय होईल ते आज सांगता येत नाही. पण आता "पुरावा नाही" असं तर कुणाला म्हणता येणार नाही.

नीट समजून घ्या, नुसत्या मस्टरनं जमीन मिळत नाही. त्या बाईनं त्या गावात राहून त्या डोंगरावर काम केलं, एवढंच मस्टर सांगतं. जमीन ती कसत होती हे नोंदवहीतली ती ओळ सांगते, बांध सांगतात, म्हाताऱ्यांचे जबाब सांगतात. वनहक्काच्या नियमात, नियम १३ मध्ये, पुराव्यांची यादी आहे. तिच्यात सरकारी कागद आहेत, वन खात्याच्या इतर नोंदी आहेत, मतदार ओळखपत्र, रेशन कार्ड, घरपट्टी आहे, जमिनीवरच्या खुणा आहेत, आणि दावेदार सोडून दुसऱ्या वडीलधाऱ्यांचे लिहून घेतलेले जबाब आहेत. एकापेक्षा जास्त पुरावे लागतात. मस्टर त्यांतला एक दोर. दोन-तीन दोर वळले की रस्सी होते.

कागद कुठं असतो?

हे ध्यानात ठेवा. नाहीतर माणूस चुकीच्या दारात सहा महिने उभा राहतो.

आपला जालना जिल्हा झाला १ मे १९८१ ला. त्याच्या आधी हा भाग औरंगाबाद जिल्ह्यात होता, परतूरकडचा परभणी जिल्ह्यात. म्हणजे बहात्तरच्या कामाचे कागद जालन्याच्या कचेरीत नसले तर ते खोटं बोलतात असं नाही. ते औरंगाबादला (आताचं छत्रपती संभाजीनगर) किंवा परभणीला असू शकतात. तालुक्यांचंही तसंच. बदनापूर, घनसावंगी, मंठा हे तालुके त्याही नंतर झाले. घनसावंगीच्या माणसानं जुना कागद अंबडला बघावा, मंठ्याच्या माणसानं परतूरला. वन खात्याचं तर जुनं दप्तर छत्रपती संभाजीनगरच्या विभागीय कचेरीतही बघावं लागतं.

दुसरं, काम कुणाचं होतं ते आठवा. रोजगार हमीचं असलं तरी करून घेणारं खातं वेगळं असायचं. तलाव आणि कालवा पाटबंधाऱ्याचा, रस्ता बांधकामाचा, नालाबंडिंग कृषीचं, झाडं सामाजिक वनीकरणाची नाहीतर वन खात्याची. मस्टर त्या खात्यात असतं, मजुरांची नोंदणी तहसीलला असते. दोन्ही दारं बघायची.

तिसरं, कागद एकच नसतो. मस्टर फाटलं तरी त्याची भावंडं असतात. पैसे दिल्याचं प्रमाणक असतं. मोजमाप पुस्तिका, म्हणजे एम.बी., असते. कामाची नोंदवही, रोकडवही असते. रोपवनाची नोंदवही, तिच्यातला नकाशा असतो. लेखापरीक्षणात आक्षेप निघाला असेल तर त्याचा अहवाल असतो. हजेरी सहायकाची रोजची डायरी असते. म्हणून अर्जात नुसतं "मस्टर द्या" लिहू नका. या सगळ्यांची नावं लिहा.

नाव शोधताना डोळे उघडे ठेवा. आपलं नाव आपण सांगतो तसं तिथं नसतं. आडनावाच्या जागी नुसतं "भिल्ल" लिहिलेलं असतं. बायांची नावं "भ्र." लावून नवऱ्याच्या नावानं असतात, काही ठिकाणी नुसतं "अमक्याची बायको". टोळीच्या कामात तर टोळीवाल्याचंच नाव, बाकीचे नुसते आकडे. म्हणून कागद बघायला जाताना एखादी जुनी बाई, एखादा म्हातारा बरोबर न्या. "हा दगडू म्हंजे आमचा दगडू न्हाई, वरल्या आळीचा," हे ओळखणारं माणूस पाहिजे. शिकलेलं पोरगं अक्षर वाचतं, पण माणूस ओळखते म्हातारीच. दोघांची जोडी करा. नावात फरक निघाला तर ग्रामसभेचा ठराव घ्या, की ही दोन्ही नावं एकाच माणसाची. सोबत प्रतिज्ञापत्र जोडा.

मागायचा कसा?

दोन वाटा आहेत. दोन्ही एकाच वेळी धरायच्या.

पहिली वाट ग्रामसभेची. वनहक्काच्या नियम १२ मध्ये लिहिलं आहे, की ग्रामसभेनं किंवा वनहक्क समितीनं लेखी मागणी केली तर संबंधित खात्यानं माहिती, नोंदी, कागद यांची प्रमाणित प्रत ग्रामसभेला दिली पाहिजे, आणि समजावून सांगायला अधिकारी पाठवला पाहिजे. ही मेहेरबानी नाही, नियम आहे. यात कुणा एकट्याचं नाव पुढं येत नाही. गार्ड एकट्या माणसाला दम देतो, साऱ्या गावाला देत नाही. २०१२ च्या सप्टेंबरात नियमांत दुरुस्ती झाली आहे. अमुकच कागद आणा, असा हट्ट वरच्या समित्यांनी धरायचा नाही, हेही आता नियमात आलं.

दुसरी वाट माहिती अधिकाराची. अर्ज साध्या कागदावर, दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून. दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला फी नाही, रेशन कार्डाची किंवा दाखल्याची प्रत जोडायची. आपल्या राज्यात आता अट आहे, अर्ज दीडशे शब्दांत पाहिजे आणि एका अर्जात एकच विषय. म्हणून लांब गाऱ्हाणं लिहू नका. असं लिहा:

"अमुक गावाच्या शिवारात, वन कक्ष क्रमांक अमुक, या ठिकाणी सन १९८५ ते १९९० या काळात झालेल्या रोपवन कामांची हजेरीपत्रके, प्रमाणके, मोजमाप पुस्तिका, रोपवन नोंदवही व नकाशा यांचे प्रत्यक्ष निरीक्षण करावयाचे आहे व निवडलेल्या पानांच्या प्रमाणित प्रती हव्या आहेत. निरीक्षणाची तारीख व वेळ कळवावी."

निरीक्षण आधी मागायचं. का? एका पानाला दोन रुपये पडतात. सगळा गठ्ठा मागितला तर हजार-दोन हजाराचं पत्र येतं आणि माणूस गार होतो. निरीक्षणाचा पहिला तास फुकट. आधी जाऊन बघा, आपल्या कामाची पानं निवडा, तेवढ्याच प्रती घ्या.

तीस दिवस थांबायचं. उत्तर आलं नाही किंवा आडवंतिडवं आलं तर त्यानंतरच्या तीस दिवसांत त्याच खात्यातल्या वरच्या साहेबाकडं पहिलं अपील. त्यावरही नाही जमलं तर नव्वद दिवसांत राज्य माहिती आयोगाकडं दुसरं अपील, आपलं खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे. तीस दिवसांत माहिती दिली नाही तर नंतर ती फुकट द्यावी लागते, हेही कायद्यात आहे. अर्ज चुकीच्या कचेरीत पडला तर त्यांनीच तो पाच दिवसांत योग्य कचेरीकडं पाठवायचा. "इथं नाही, तिकडं जा" म्हणून परत पाठवायचं नाही. पोच घेतल्याशिवाय टेबलावरून उठायचं नाही.

"सापडत नाही" म्हणाले तर?

हे उत्तर सगळ्यांना मिळणार, तयारी ठेवा. माहिती नाकारायची कारणं कायद्यात मोजून दिली आहेत. "फाइल सापडत नाही" हे कारण त्यांत नाही. म्हणून तोंडी ऐकून घरी यायचं नाही, लेखी मागायचं.

सरकारी कागदांचे वर्ग असतात. अ वर्गाचे कायम ठेवायचे, ब वर्गाचे तीस वर्षं, क आणि ड वर्गाचे थोड्या वर्षांनी नष्ट करतात. म्हणजे खूप जुनी मस्टरं खरंच जाळलेली असू शकतात. पण जाळायचीही रीत आहे. यादी करावी लागते, हुकूम लागतो. तेव्हा दुसरा अर्ज करायचा: "सदर कागद कोणत्या वर्गाचे आहेत, कोणत्या तारखेला, कोणाच्या आदेशाने नष्ट केले, त्या यादीची प्रत द्यावी." यादी आली तर कागद होता हे तरी सिद्ध झालं. यादी नसली तर पुष्कळदा कागद निघतोच. त्या बाईच्या कामात कपाट उघडलं ते असंच.

कोर्टातही हे उपयोगी पडतं. २००२ साली सर्वोच्च न्यायालयानं एका वन खात्याच्याच खटल्यात म्हटलं होतं, की २४० दिवस भरले हे मजुरानं सिद्ध करावं, नुसतं प्रतिज्ञापत्र पुरे नाही. त्या निकालानं खूप मजूर हरले. पण २००५ साली त्याच न्यायालयानं सांगितलं, की रोजंदारीच्या माणसाजवळ ना नेमणुकीचं पत्र असतं ना पगाराची पावती. त्यानं साक्षीला उभं राहून आपलं म्हणणं सांगावं आणि मस्टर हजर करा अशी मागणी करावी. २००९ च्या एका निकालात तर म्हटलं, मजुरानं एवढं केलं की पुढचा बोजा मालकावर जातो. म्हणजे मागणी लेखी केलेली असणं फार महत्त्वाचं. ज्यानं मागितलंच नाही त्याच्यासाठी कोर्टही काही करू शकत नाही. दिवस मोजताना पगारी सुट्ट्या धरायच्या, हे न्यायालयानं १९८५ सालीच सांगून ठेवलं आहे. वकील विसरला तर तुम्ही आठवण करा.

कागद मिळाल्यावर चावडीत वाचा

कागद आणून घरात ट्रंकेत ठेवला तर अर्धंच काम झालं. राजस्थानात मजूर किसान शक्ती संघटनेनं काय केलं ते ऐका. तिथंही दुष्काळी कामं, तिथंही मस्टर. २ डिसेंबर १९९४ ला पाली जिल्ह्यातल्या कोट किराना गावात त्यांनी जनसुनवाई घेतली. मंडप टाकला, सगळ्यांसमोर मस्टरवरची नावं वाचली. लोक उठून सांगू लागले, मी तर कामावर नव्हतो, माझ्या नावानं पैसे कुणी उचलले? त्यातून "हमारा पैसा, हमारा हिसाब" ही घोषणा देशभर गेली. १९९६ साली ब्यावर शहरात ते चाळीस दिवस धरण्यावर बसले. आपल्या राज्यात अण्णा हजारे उपोषणाला बसले, माहिती अधिकाराचा राज्याचा कायदा झाला, २००५ साली देशाचा झाला. दहा रुपयांच्या तिकिटावर आज आपण जो अर्ज करतो, तो आपल्यासारख्याच मजुरांनी मिळवला आहे.

तेव्हा आपणही ग्रामसभेत मस्टर वाचू. पण एक गोष्ट पक्की करा. वाचताना आपल्याच माणसाचं खोटं निघालं तर ते झाकायचं नाही. मुकादम आपला भाऊबंद असेल, खोटी नावं त्यानंच भरली असतील, तरी वाचायचं. आणि जो दिवस आपण भरला नाही तो भरला म्हणून सांगायचं नाही. एक खोटी ओळ सापडली की शंभर खऱ्या ओळी वाया जातात.

एक सावधगिरी. कागद दोन्ही बाजूंनी कापतो. आपली माणसं दिवाळीनंतर ऊसतोडीला जातात, वीटभट्टीला जातात. तिथली उचल, तिथली हजेरी दाखवून कुणी म्हणेल, हे तर गावात नव्हतेच, जमीन कसली कधी? घाबरायचं नाही, लपवायचंही नाही. सरळ सांगायचं, खरिपाला पेरलं, दिवाळीला काढलं, मग कोयता घेऊन गेलो, पाडव्याच्या पुढं परत आलो. म्हातारी घरीच होती. कोरडवाहू डोंगरावर बारा महिने पोट भरत नाही म्हणून जावं लागतं. जमीन सोडून गेलो नव्हतो. जबाबात हे आधीच लिहा, कुणी विचारायच्या आधी.

आजपासून आपली वही

मागचं शोधायला किती त्रास होतो ते बघितलं. आपल्या लेकरांना हा त्रास नको. रोजगार हमीची मजुरी २०१३-१४ साली १६२ रुपये होती. मजुरी पंधरा दिवसांच्या आत मिळाली पाहिजे, आणि ती पोस्टात नाहीतर बँकेत जमा होते. ते पासबुक हाच तुमचा कागद. ते मुकादमाकडं, रोजगार सेवकाकडं ठेवायचं नाही. जॉब कार्डही घरातच. काम मागितल्याची पावती जपून ठेवा.

आणि प्रत्येक गावानं एक शंभर पानी वही घ्या. शाळेत जाणारी एक पोर निवडा, पोरगी असली तर उत्तम. रोज संध्याकाळी तिनं लिहायचं: तारीख, काम कुठं, खातं कोणतं, कोण कोण गेलं, बायांची नावं त्यांच्या स्वतःच्या नावानं, किती खड्डे, किती ब्रास, पैसे किती आणि कधी. आठवड्याला दोघांनी खाली सही नाहीतर अंगठा द्यायचा. ऊसतोडीला जाताना उचल किती घेतली तेही लिहायचं. ही वही सरकारी कागद नाही, तिच्यानं एकट्यानं खटला जिंकत नाही. पण सरकारी मस्टर समोर आलं की ताळा घ्यायला ती लागते.

आता ठरवायचं. पुढच्या अमावास्येच्या आत प्रत्येक गावानं तीन गोष्टी करायच्या. एक, वनहक्क समितीची बैठक घेऊन नियम १२ खाली कागद मागायचा ठराव. दोन, रोजंदारीवर राबलेल्यांची यादी, कोणत्या सालापासून कोणत्या सालापर्यंत, कोणाच्या हाताखाली. तीन, साठीच्या पुढच्या सगळ्यांचे जबाब लिहून घेणं. हे तिसरं सगळ्यात तातडीचं. कागद वाळवी खाते तशी माणसंही जातात. बहात्तर साल सांगणारं माणूस गेलं की तो पुरावा कुठल्याच अर्जानं परत मिळत नाही.

जाता जाता त्या मावशीची एक गोष्ट सांगतो. कपाटातून मस्टर निघालं तेव्हा तिला तिच्या नावापुढचा अंगठा दाखवला. तिनं आपला अंगठा त्याच्या शेजारी धरून बघितला. बराच वेळ बघितला. मग म्हणाली, "तव्हा माझा अंगठा घेतला, अन् माझं नाव मला कुनी वाचून दावलं न्हाई. आज दावलं."

आपलं नाव आपल्याला वाचता आलं पाहिजे, एवढ्यासाठी हे सगळं करायचं आहे. अर्जाचे नमुने शेवटच्या फळीवर ठेवलेत, जाताना घेऊन जा. ज्यांना लिहिता येत नाही त्यांनी जेवणानंतर थांबा, पोरं लिहून देतील.

जिंदाबाद!